श्रेय हवे, जबाबदारी नको? : झ्देन्येक लिश्का आणि 'पार्श्व'संगीताचा प्रश्न

चित्रपटांवरचे मराठी लेखन वाचताना एक वाक्य इतक्या वेळा भेटते की आता ते डोळ्यांना दिसेनासे झाले आहे. कथा, अभिनय, दिग्दर्शन, छायाचित्रण यांचा परामर्श घेऊन झाला की परीक्षणाच्या शेवटच्या परिच्छेदात ते येते : पार्श्वसंगीत प्रसंगांना पूरक आहे. हे वाक्य कोणत्याही चित्रपटाबद्दल लिहिता येते, म्हणूनच ते कोणत्याही चित्रपटाबद्दल काहीच सांगत नाही. प्रस्तुत लेखाचा वाद या वाक्याशी आणि त्यामागच्या समजुतीशी आहे. ती समजूत अशी की चित्रपटात अर्थ निर्माण होतो तो प्रतिमेतून आणि शब्दातून. संगीत मागे उभे राहते, भावनेला थोडा उठाव देते आणि बाजूला होते. 'पार्श्वसंगीत' या आपल्या शब्दातच ही समजूत मुरलेली आहे.

हा केवळ समीक्षकांच्या आळसाचा प्रश्न असता तर त्यावर एवढे लिहिण्याचे कारण नव्हते. पण या समजुतीला एक नैतिक बाजू आहे, आणि ती सहसा लक्षात घेतली जात नाही. जो मागे उभा आहे त्याला पूर्ण श्रेय मिळत नाही, तसा त्याला जाबही विचारला जात नाही. ही सोय कशी वापरली जाते हे पाहायचे तर चेक संगीतकार झ्देन्येक लिश्का (१९२२–१९८३) याच्यासारखे उदाहरण शोधून सापडणार नाही.

लिश्काचा जन्म प्रागच्या वायव्येला, क्लाद्नोजवळच्या स्मेच्नो या लहानशा गावातला. वडील आणि आजोबा दोघेही गावातले वादक. त्याने प्राग कॉन्झर्व्हेटरीत रचना आणि वाद्यवृंद-संचालनाचे शिक्षण घेतले आणि महायुद्ध संपल्यावर तो झ्लीन येथील चित्रपट-स्टुडिओत दाखल झाला. झ्लीन म्हणजे 'बाटा'चे गाव. ज्या कंपनीची पायताणे आपल्याकडे घरोघरी पोचली, तिनेच तीसच्या दशकात जाहिरातपटांसाठी हा स्टुडिओ उभा केला होता. युद्धोत्तर काळात तिथे हेर्मीना तीरलोवा आणि कारेल झेमान हे कळसूत्री व चलत्‌चित्रांचे दोन मोठे कलावंत काम करीत होते. लिश्काची घडण त्यांच्या टेबलांवर झाली. पुढे तो प्रागला आला, आणि मृत्यूपर्यंत शंभराहून अधिक पूर्ण लांबीचे चित्रपट, शिवाय असंख्य लघुपट आणि दूरचित्रवाणी मालिका यांना त्याने संगीत दिले. मैफिलीच्या सभागृहासाठी त्याने जवळजवळ काही लिहिले नाही. त्याचे जे काही आहे ते पडद्यासाठी आहे.

झ्लीनचे महत्त्व एका कारणासाठी नीट समजून घ्यायला हवे. जिवंत माणसांच्या चित्रपटात पावलांना, दारांना, वाऱ्याला आपापला आवाज असतो. बाहुलीला कसलाच आवाज नसतो. तिने पाऊल उचलले तर त्या पावलाचा ध्वनी कोणीतरी रचावा लागतो, आणि तो रचताना संगीत कुठे संपले व आवाज कुठे सुरू झाला ही सीमा पुसली जाते. झेमानच्या 'विनाशाचा शोध' (१९५८) या ज्यूल व्हर्नवर आधारलेल्या चित्रपटात जुन्या पुस्तकांतली कोरीव चित्रेच हलू लागल्यासारखी वाटतात. त्यांच्या यंत्रांना, पाणबुड्यांना लिश्काचे संगीत चावीच्या खेळण्यासारखी लय देते. ती लय काढून घेतली तर ते जग कोसळेल. संगीत इथे चित्राला 'पूरक' आहे असे म्हणणे म्हणजे पाठीचा कणा शरीराला पूरक आहे असे म्हणण्यासारखे आहे.

आता मूळ वादाकडे येतो. लिश्काविषयी दोन विधाने हमखास केली जातात, आणि पुष्कळदा ती एकाच माणसाच्या तोंडून येतात. पहिले विधान असे की 'मार्केता लाझारोवा' किंवा 'प्रेते जाळणारा' यांसारख्या चित्रपटांचा तो सहलेखक आहे; त्याच्या संगीताशिवाय हे चित्रपट कल्पिताच येत नाहीत. दुसरे विधान 'मेजर झेमानची तीस प्रकरणे' या मालिकेबाबत. (झ्लीनच्या कारेल झेमानशी या मेजरचा काही संबंध नाही, निव्वळ नामसाधर्म्य आहे.) साम्यवादी राजवटीच्या पोलीसदलाचा गौरव करण्यासाठी काढलेल्या या मालिकेचा विषय निघाला की तेच लोक म्हणतात, लिश्का बिचारा संगीतकार होता, त्याला काम सांगितले, त्याने केले, मालिकेतल्या राजकारणाशी त्याचा काय संबंध? ही दोन्ही विधाने एकाच वेळी खरी असू शकत नाहीत. संगीत अर्थ घडवीत असेल तर ते दोन्हीकडे घडवते, आणि घडवीत नसेल तर पहिल्या विधानातली स्तुती पोकळ आहे.

पहिल्या विधानाच्या बाजूने मी स्वतः उभा आहे, म्हणून ते आधी सिद्ध करतो.

फ्रांतिशेक व्लाचिलचा 'मार्केता लाझारोवा' (१९६७) व्लादिस्लाव वान्चुराच्या १९३१ सालच्या कादंबरीवर आधारला आहे. साहित्याच्या विद्यार्थ्यांना या रूपांतरात विशेष रस वाटावा, कारण त्या कादंबरीतले महत्त्वाचे पात्र निवेदक हे आहे. तो मध्येच थांबतो, वाचकाला हाक मारतो, पात्रांची थट्टा करतो, त्यांच्यावर माया करतो. मध्ययुगातल्या लुटारूंची ती रक्तबंबाळ हकीगत सुसह्य होते ती या आवाजामुळे. पडद्यावर असा आवाज कसा आणायचा? व्लाचिलने निवेदन आणि मधली शीर्षके योजली आहेत, पण ती पुरेशी नाहीत. उरलेले काम लिश्काच्या गायकवृंदाने केले आहे. चर्चमधल्या स्तोत्रांची आठवण देणारे समूहस्वर आणि आदिम वाटावेत असे तालवाद्यांचे आघात, ख्रिस्ती आणि ख्रिस्तपूर्व अशी दोन जगे त्या संगीतात एकमेकांवर आदळत राहतात. हा त्या काळच्या संगीताचा जीर्णोद्धार नाही. तेराव्या शतकात असे कोणी गात नव्हते. पडद्यावर लांडगे, बर्फ आणि कत्तल दिसत असताना हे स्वर वरून वाहत राहतात. ते पात्रांची बाजू घेत नाहीत आणि त्यांना टाकूनही देत नाहीत. वान्चुराच्या निवेदकाचे पडद्यावरचे रूप शोधायचे तर ते इथे आहे. १९९८ साली चेक समीक्षकांनी आजवरचा सर्वोत्कृष्ट चेक चित्रपट म्हणून याची निवड केली. त्या निवडीतला एक वाटा निश्चितपणे लिश्काचा आहे.

युराय हेर्त्सच्या 'प्रेते जाळणारा' (१९६९) या चित्रपटाची गोष्ट याहून बोलकी आहे. लादिस्लाव फुक्सच्या कादंबरीतला कोप्फर्किंगल हा प्रागच्या दहनगृहातला गोडबोल्या, कुटुंबवत्सल अधिकारी. मृत्यूमुळे आत्मा मुक्त होतो अशी त्याची श्रद्धा. तिबेटविषयीचे एक पुस्तक तो सतत जवळ बाळगतो. तीसच्या दशकाच्या अखेरीस नात्सी विचार त्याच्या कानावर पडतात आणि या श्रद्धेत इतके सहज मिसळून जातात की ज्यू रक्ताच्या संशयावरून तो आपल्या पत्नीला आणि मुलाला 'मुक्त' करतो. या सगळ्यावर लिश्काने काय ठेवले आहे? एक वॉल्ट्झ, आणि त्यावर शब्दांवाचून तरंगणारा एक स्त्रीस्वर. अतिशय मधुर, अंगाईसारखा.

काही वर्षांपूर्वी एका चित्रपट-रसग्रहण शिबिरात हा चित्रपट पाहिल्यावर एका विद्यार्थिनीने विचारले होते, "इतक्या भयंकर प्रसंगाला इतके गोड संगीत का? संगीतकाराला प्रसंग कळला नाही का?" सभागृहात हशा झाला. मला मात्र तो त्या दिवसातला सर्वांत चांगला प्रश्न वाटला, कारण ती संगीत ऐकत होती. हसणारे ते ऐकत नव्हते, त्यांच्या लेखी ते 'पूरक' होते. तिच्या प्रश्नाचे उत्तर असे की ते संगीत प्रसंगाचे नाहीच, ते कोप्फर्किंगलचे आहे. त्याला स्वतःचे मन जसे ऐकू येते तसे ते आपल्याला ऐकवले जाते. प्रतिमा सांगते की हा खुनी आहे. संगीत सांगते की हा मुक्तिदाता आहे. प्रेक्षकाला त्या दोहोंच्या मध्ये उभे राहावे लागते, आणि आपल्यालाही ती चाल आवडते आहे हे लक्षात आल्यावर तो दचकतो. चित्रपटाचा सगळा अर्थ या दचकण्यात आहे.

कादार आणि क्लोस यांचा 'हमरस्त्यावरचे दुकान' (१९६५) आपल्याकडच्या फिल्म सोसायट्यांच्या जुन्या सभासदांना आठवत असेल. परभाषिक चित्रपटाचे ऑस्कर त्याला मिळाले. १९४२ सालच्या स्लोव्हाकियातले एक गाव, तिथला गरीब सुतार तोनो, आणि ज्या म्हातारीचे बटणांचे दुकान सरकारने त्याच्या नावे केले आहे ती बहिरी ज्यू विधवा. त्या गावात संध्याकाळी फेरफटक्याच्या रस्त्यावर पितळी वाद्यांचा बँड वाजत असतो. वादकांच्या घरात जन्मलेल्या लिश्काला हा आवाज लहानपणापासून ठाऊक होता. सुखवस्तू, निष्पाप, रविवारच्या दुपारचा आवाज. शेवटी दोघांचाही अंत झाल्यावर जे स्वप्नदृश्य येते, तिथे ती म्हातारी आणि तोनो ठेवणीतले कपडे घालून उन्हात नाचत येतात, आणि त्या संगीताचा आनंद असह्य होतो. प्रतिमा आणि संगीत यांच्यात इथेही अंतर आहे. मागचे सारे आठवते आहे म्हणून ते अंतर जाणवते.

पहिले विधान सिद्ध करण्यासाठी एवढे पुरे. आता एक असे उदाहरण देतो की ज्यात 'पार्श्व'संगीताचा सिद्धांत कोणा समीक्षकाने नव्हे तर सत्तेनेच वापरला.

यान श्वांकमायेरने १९७० साली 'अस्थिगृह' नावाचा लघुपट केला. कुत्ना होरा या गावाजवळ सेडलेत्स येथे एक चर्च आहे; त्याच्या आतली सजावट, झुंबरे, कुलचिन्हे अशी सगळी हजारो माणसांच्या हाडांची आहे. लघुपटाच्या मूळ ध्वनिपट्टीवर तिथल्या मार्गदर्शक बाईचे बोलणे होते. शाळेच्या सहलीला माहिती देता देता ती मुलांना सारखी दटावते आहे. १९६८च्या ऑगस्टमध्ये वॉर्सा करारातील देशांच्या फौजा देशात घुसून दोन वर्षेही झाली नव्हती. अधिकाऱ्यांना त्या बोलण्यात भलतेच काही ऐकू आले. ते काढून टाकायला सांगण्यात आले, आणि त्या जागी फ्रेंच कवी प्रेव्हेरच्या पक्ष्याचे चित्र काढण्याविषयीच्या कवितेला लिश्काने दिलेली जॅझच्या अंगाची चाल आली.

या घटनेचा साहित्याच्या अभ्यासकांनी बारकाईने विचार करावा. सेन्सॉरची समजूत अशी की धोका शब्दात असतो. शब्द काढला आणि संगीत घातले की वस्तू निरुपद्रवी होते. आपल्या परीक्षणातल्या शेवटच्या परिच्छेदामागची समजूत हीच आहे. प्रत्यक्षात काय झाले? हाडांच्या ढिगांवरून कॅमेरा झपाट्याने फिरतो आहे, आणि पिंजरा, पक्षी, वाट पाहणे यांविषयीचे एक हळुवार गाणे चालू आहे. मार्गदर्शक बाईच्या बोलण्यात उपहास होता. गाण्यात त्याहून खोल काहीतरी आले. सेन्सॉरला ते ऐकू आले नाही, कारण त्याच्या लेखी ते पार्श्वभूमीला होते.

इथवर माझे आणि लिश्काच्या चाहत्यांचे एकमत आहे. यापुढे नाही.

'मेजर झेमानची तीस प्रकरणे' ही मालिका १९७४ ते १९७९ या काळात यिर्झी सेक्वेन्सच्या दिग्दर्शनाखाली तयार झाली. याच सेक्वेन्ससाठी लिश्काने त्याआधी 'प्राग नगरीचे पापी लोक' या पहिल्या प्रजासत्ताकाच्या काळातल्या गुन्हेकथांच्या लोकप्रिय मालिकेला संगीत दिले होते. नव्या मालिकेचे स्वरूपही पोलीसकथेचे, पण हेतू वेगळा. १९४५पासूनच्या तीस वर्षांतले एकेक वर्ष घेऊन गृहखात्याच्या दलाचा इतिहास अधिकृत दृष्टीने सांगायचा होता. त्यातला एक भाग बाबित्से गावच्या १९५१ सालच्या प्रकरणावर बेतलेला आहे. त्या गावातल्या स्थानिक पदाधिकाऱ्यांच्या हत्येनंतर जे खटले चालले, त्यांत अनेकांना फाशी झाली, काही धर्मगुरूंनाही. ज्यांची माणसे या खटल्यांत गेली, त्यांनी पुढे ही हकीगत घरातल्या पडद्यावर राजवटीच्या शब्दांत पाहिली. १९९९ साली चेक दूरचित्रवाणीने ही मालिका माहितीपटांची जोड देऊन पुन्हा दाखवली तेव्हा माजी राजकीय कैद्यांनी तीव्र आक्षेप घेतला, तो उगाच नव्हता.

या मालिकेची शीर्षकधून चेक प्रेक्षकांच्या एका अख्ख्या पिढीला पाठ आहे. ती उत्तम आहे, हीच तर अडचण आहे. ती सुमार असती तर आपण सुटलो असतो.

लिश्काच्या बचावासाठी तीन मुद्दे मांडले जातात. पहिला परिस्थितीचा. 'सामान्यीकरण' या नावाने ओळखल्या जाणाऱ्या त्या काळात कादार देश सोडून गेला होता, खितिलोव्हाला वर्षानुवर्षे चित्रपट मिळत नव्हता, व्लाचिलला बालपटांवर दिवस काढावे लागत होते, 'प्रेते जाळणारा' डब्यात बंद होता. ज्याला काम करायचे होते त्याला तडजोड करावीच लागे. हा मुद्दा मला मान्य आहे. तशा काळात मी कसा वागलो असतो याची ग्वाही मी देणार नाही. ज्यांनी तसा काळ भोगलेला नाही त्यांनी इथे आवाज चढवू नये. लिश्काने बहिष्कृतांची साथ सोडली नाही हेही नमूद केले पाहिजे. व्लाचिल १९७६ साली 'बटाट्याच्या पाल्याचा धूर' घेऊन मोठ्यांच्या चित्रपटाकडे परतला तेव्हा संगीत लिश्काचेच होते. पण परिस्थिती समजून घेणे म्हणजे कृतीचा अर्थ पुसून टाकणे नव्हे. माणसाला क्षमा करता येते. धूनेला करता येत नाही, कारण ती आजही वाजते आहे आणि आपले काम करते आहे.

दुसरा मुद्दा तात्त्विक. संगीताला राजकारण नसते, ते अमूर्त आहे, तीच चाल दुसऱ्या कुठल्या मालिकेला लावली असती तर? हा मुद्दा 'मार्केता'च्या चर्चेत कोणी काढीत नाही हे लक्षात घ्यावे. तिथे अमूर्ततेची आठवण होत नाही. स्वरांना सुटेपणी पक्ष नसतो हे खरे, पण चित्रपट-संगीतात सुटे स्वर नसतातच. ते कोणत्या तरी चेहऱ्यावर, कोणत्या तरी क्षणी ठेवलेले असतात, आणि ते ठेवणे हाच त्या कलेचा व्यवहार आहे. ज्या माणसाने अवघे आयुष्य या ठेवण्यात घालवले, त्याच्या बाबतीत स्वरांच्या निष्पापपणाची सबब सांगणे हा त्याच्या कलेचा अपमान आहे.

तिसरा मुद्दा कारागिरीचा. दोन्हीकडे हात तोच, कौशल्य तेच, मग आपण कौशल्याबद्दल बोलावे. इथे मला वाटते आपण खऱ्या प्रश्नापाशी येतो. कौशल्य तेच असूनही परिणाम इतका भिन्न का? माझे उत्तर असे : कोप्फर्किंगलच्या वॉल्ट्झमध्ये भुरळ आहे, आणि झेमानच्या धूनेतही भुरळ आहे. पहिल्या ठिकाणी प्रतिमा त्या भुरळीला साक्षीदार म्हणून उभी राहते आणि तिचा खोटेपणा उघडा पाडते. दुसऱ्या ठिकाणी प्रतिमा, संवाद, कथानक आणि संगीत सगळे एकच गोष्ट एकाच सुरात सांगतात : हा माणूस विश्वासू आहे, याच्या मागे चला. प्रेक्षकाला उभे राहायला मध्ये जागाच उरत नाही. तिथे संगीत खरोखर प्रसंगांना पूरक आहे. आपल्या परीक्षणातला तो शब्द, ज्याला आपण प्रशस्तिपत्र समजतो, तो इथे कसा भासतो पाहा. प्रचाराची इतकी नेमकी व्याख्या मला दुसरी सुचत नाही.

अलीकडे लिश्काला नव्याने श्रोते मिळाले आहेत. इंग्लंडमध्ये काम करणाऱ्या क्वे बंधूंनी १९८४ साली श्वांकमायेरवरच्या आपल्या लघुपटात त्याचेच संगीत वापरले होते. पुढे पश्चिमेकडच्या संग्राहकांनी त्याच्या ध्वनिपट्ट्या तबकड्यांवर आणल्या. या पुनर्शोधाचा मला आनंद आहे, पण त्यात एक धोकाही दिसतो. पडद्यापासून तोडलेले संगीत ऐकताना ते विचित्र, सुंदर, जुन्या काळाचा वास असलेले असे काहीतरी वाटू लागते. ज्या चेहऱ्यांवर ते ठेवले होते ते चेहरे दिसेनासे होतात. आधी त्याला पार्श्वभूमीला ढकलून निष्पाप केले, आता पार्श्वभूमी काढून निष्पाप करायचे. दोन्ही वाटांनी आपण ऐकण्याचे कष्ट टाळतो.

लिश्काला आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करावे असे मी सुचवीत नाही. त्याला लेखक म्हणून वागवावे, एवढेच मागणे आहे. लेखकाच्या बाबतीत आपण हे नेहमी करतो : एका कादंबरीसाठी त्याला डोक्यावर घेतो आणि दुसरीसाठी त्याच्याशी भांडतो, आणि दोन्ही वेळा ती कादंबरी त्याचीच आहे असे धरून चालतो. संगीतकारालाही तो मान मिळायला हवा.

ज्यांना वर्गात चित्रपट शिकवावे लागतात त्यांच्यासाठी एक सूचना करून थांबतो. 'अस्थिगृह' अवघ्या दहा मिनिटांचा आहे आणि त्याची मूळ निवेदनाची आवृत्तीही आता पाहायला मिळते. दोन्ही आवृत्त्या एकापाठोपाठ दाखवाव्यात आणि विद्यार्थ्यांना विचारावे की हाडे तीच असताना काय बदलले. उत्तरात 'पूरक' हा शब्द वापरायचा नाही, एवढी अट घालावी.